साथ करणाऱ्याचा कॅमेरा

वाजवणाऱ्यानं वाजवावं आणि चित्रपट करणाऱ्यानं चित्रपट करावा, अशी आपल्याकडे सर्वमान्य समजूत आहे. वादकानं आपल्याच सोबत्यांवर माहितीपट केला तर त्याची आरती होणार, त्रयस्थाला जे दिसतं ते घरच्याला दिसत नाही, हे तिचंच पुढचं टोक. ऐकायला हे समंजस वाटतं. मला ते उथळ वाटतं. घर बघायला बोलावलेल्या पाहुण्याला भिंतींचा रंग दिसतो, पण कोणतं दार पावसाळ्यात फुगतं ते घरात राहणाऱ्यालाच ठाऊक असतं.

माझं म्हणणं असं. संगीतकारावरच्या माहितीपटात तटस्थतेपेक्षा ऐकण्याला जास्त किंमत आहे. कॅमेरा कोणत्या क्षणी कुठं न्यायचा हे शेवटी कान ठरवतो आणि तसा कान शेजारी बसून वाजवल्याशिवाय तयार होत नाही. म्हणून साथ करणाऱ्यानं साथीदाराचं केलेलं चित्रण हीच पहिली आणि मूळ नोंद मानायला हवी. त्रयस्थाचं काम त्यानंतर सुरू होतं. जळगाव-धुळ्यासारख्या भागात तर ही नोंद दुसरं कोणी करायला येणारही नाही. हे टप्प्याटप्प्यानं मांडतो. त्यासाठी थोडं लांबून, जॅझवाल्यांकडून यावं लागेल, कारण वादकांनी वादकांची नोंद करण्याचा उद्योग त्यांनी फार जिद्दीनं केला आहे.

१. दोन माहितीपट, दोन नजरा

चेट बेकर या ट्रम्पेटवादकावर ब्रूस वेबर यांनी १९८८ साली 'लेट्स गेट लॉस्ट' हा माहितीपट केला. वेबर फॅशनच्या जगातले नावाजलेले छायाचित्रकार. चित्रपट कृष्णधवल आहे आणि देखणा आहे. पन्नाशीतच म्हातारा झालेला बेकरचा चेहरा, गालावरच्या खोल रेषा, तरुणपणीच्या राजबिंड्या छायाचित्रांशी त्यांची होणारी तुलना, व्यसन, बायकांची भांडणं हे सगळं त्यात आहे. ज्या वर्षी चित्रपट आला त्याच वर्षीच्या मे महिन्यात बेकर ॲमस्टरडॅममध्ये हॉटेलच्या खिडकीतून पडून गेला, त्यामुळे त्या चेहऱ्याला आणखी वजन आलं. पण हा माणूस इतक्या कमी स्वरांत इतकं कसं सांगायचा, समोरचे दात गेल्यावर कवळी लावून त्यानं पुन्हा ओठ कसे जमवले, याकडे चित्रपटाचं फारसं लक्ष नाही. कॅमेऱ्यामागचा माणूस चेहऱ्यांचा जाणकार होता. त्यानं चेहरा टिपला.

आता दुसरं उदाहरण. ॲलन हिक्स हा ऑस्ट्रेलियातून न्यूयॉर्कला गेलेला जॅझ ड्रमर. क्लार्क टेरी हे काउंट बेसी आणि ड्यूक एलिंग्टन या दोघांच्याही वाद्यवृंदांत वाजवलेले ट्रम्पेटवादक त्याचे गुरू झाले, त्यांनी त्याला आपल्या संचात घेतलं. पुढं हिक्सनं त्यांच्यावर 'कीप ऑन कीपिन ऑन' हा माहितीपट केला. याआधी त्यानं एकही चित्रपट केलेला नव्हता. २०१४ साली ट्रायबेका महोत्सवात त्याला नवोदित माहितीपटकाराचं पारितोषिक मिळालं. या चित्रपटात नव्वदी गाठलेले, मधुमेहानं दृष्टी जवळजवळ गेलेले, अंथरुणाला खिळलेले टेरी रात्री उशिरापर्यंत जस्टिन कॉफ्लिन या तरुण अंध पियानोवादकाला शिकवत बसतात. पलंगावर पडल्या पडल्या ते तोंडानं अक्षरं म्हणतात, जस्टिन ती उचलतो, टेरी थांबवतात, एका अक्षरावरचा जोर बदलतात, पुन्हा म्हणतात. ट्रम्पेटवर जीभ कशी फिरवायची याची ही अक्षरं. आपल्याकडे तबल्याचे बोल तोंडानं शिकवतात तीच तऱ्हा. टेरी कोण होते हे त्या पलंगाजवळच्या तालमीत जितकं कळतं तितकं शंभर मुलाखतींतून कळलं नसतं.

व्यावसायिक दिग्दर्शकानं हा भाग मिनिटभरात आटोपला असता, कारण त्यात 'घडत' काहीच नाही. हिक्सला तिथं सगळं घडताना दिसलं. टेरींकडेच तो स्वतः शिकला होता. इथं कोणी म्हणेल, हा तर भक्तिपट झाला. भक्ती आहेच. पण टेरींचे पाय कापावे लागले, स्पर्धेच्या व्यासपीठावर जस्टिनला भीतीनं ग्रासलं, हेही त्यात लपवलेलं नाही. जिव्हाळा असला की डोळे मिटतातच, हे गृहीत तपासून घ्यायला हवं.

२. जॅझवाल्यांची जुनी खोड

हिक्स अपवाद नाही. मिल्ट हिंटन हे बास वाजवणारे. १९३५ पासून त्यांच्याकडे कॅमेरा असे, आणि प्रवासात, रेकॉर्डिंगच्या मधल्या सुट्टीत, बसमध्ये झोपलेल्या सोबत्यांची हजारो छायाचित्रं त्यांनी काढली. अमेरिकेच्या दक्षिण भागात काळ्यांसाठी वेगळ्या ठेवलेल्या दारांपाशी उभे असलेले नामवंत वादक त्यांच्या छायाचित्रांत सापडतात. १२ ऑगस्ट १९५८ रोजी आर्ट केन या छायाचित्रकारानं हार्लेममधल्या एका घराच्या पायऱ्यांवर ५७ जॅझ वादकांना एकत्र उभं करून ते विख्यात छायाचित्र घेतलं. त्या सकाळी हिंटन यांनी आपला आठ मिलिमीटरचा कॅमेरा पत्नीच्या, मोना यांच्या हाती दिला. केनच्या छायाचित्रात इतिहास ताठ उभा आहे. मोना हिंटन यांच्या चित्रणात तोच इतिहास गप्पा मारतो, खिदळतो. १९९४ साली जीन बाख यांनी 'अ ग्रेट डे इन हार्लेम' हा माहितीपट केला तेव्हा त्याला जिवंतपणा आला तो या घरगुती फितीमुळे.

ड्रमर आर्ट टेलर यांनी कॅमेऱ्याऐवजी टेपरेकॉर्डर घेतला. युरोपात राहत असताना त्यांनी माइल्स डेव्हिस, मॅक्स रोच, नीना सिमोन, सॉनी रॉलिन्स यांच्याशी केलेलं बोलणं १९७७ साली 'नोट्स अँड टोन्स' या पुस्तकात आलं. एरवी पत्रकारांना एका वाक्यात वाटेला लावणारी ही मंडळी टेलरपुढं पैशांबद्दल, गोऱ्या समीक्षकांबद्दल, 'जॅझ' या शिक्क्याबद्दल मोकळेपणानं बोलली. समोरचा आपल्यातला आहे, आपल्यामागं बसून ताल धरणारा आहे, म्हणून बोलली. साथीदाराला मिळणारं उत्तर आणि पत्रकाराला मिळणारं उत्तर यांत फरक पडतोच.

३. मराठीत हे काम लेखणीनं झालं

वादकानं वादकाबद्दल बोलणं आपल्याला परकं आहे असं कोणी म्हणेल तर ते चूक. भास्करबुवा बखल्यांना पेटीवर साथ करणाऱ्या गोविंदराव टेंब्यांनी 'माझा संगीत व्यासंग' लिहिलं, अल्लादिया खाँसाहेबांचं चरित्र लिहिलं. बा. र. देवधरांनी 'थोर संगीतकार'मध्ये त्या काळातल्या गवयांची जी चित्रं काढली ती गवयालाच काढता आली असती: कोण कुठं श्वास घेई, कोणाची तान कोणत्या अंगानं येई. मराठी वाचकाला हिंदुस्थानी संगीतातली जी माणसं जिवंत वाटतात ती प्रामुख्यानं या दोन-चार गाणाऱ्या-वाजवणाऱ्या लेखकांमुळे. त्यांच्यावर कोणी 'घरचे असल्यामुळे अविश्वसनीय' असा ठपका ठेवला नाही. लेखणीला दिलेली मुभा आपण कॅमेऱ्याला का नाकारतो?

एक गोष्ट मला राहून राहून खटकते. टेंबे 'अयोध्येचा राजा'मध्ये १९३२ साली हरिश्चंद्र म्हणून कॅमेऱ्यासमोर उभे राहिले, संगीतही त्यांचंच होतं. प्रभातचा स्टुडिओ तेव्हा कोल्हापुरात होता. ज्यांनी उमेदीची वर्षं त्याच कोल्हापूर दरबारात काढली ते अल्लादिया खाँ त्यानंतरही १९४६ पर्यंत हयात होते. बोलपट होता, ध्वनिमुद्रण होतं, खाँसाहेबांना जाणणारा माणूस त्या यंत्रांच्या मधोमध वावरत होता. तरीही खाँसाहेबांच्या गाण्याचा एक फूट चित्रण झालं नाही. त्यांची एक तबकडीही नाही. त्यांचा नकार हे एक कारण सांगतात, आणि तो त्यांचा अधिकार होता. पण गाण्यानं रोजीरोटी करणाऱ्या माणसाच्या मनात यंत्र म्हणजे धंदा आणि नोंद म्हणजे कागद ही वाटणी पक्की होती, हे दुसरं कारण. ती वाटणी अजून मोडलेली नाही.

४. मुंबईच्या जॅझला झालेला उशीर

१९३५ साली लिऑन ॲबी यांचा संच ताजमहाल हॉटेलात वाजवायला आला, आणि पुढच्या दोन-तीन दशकांत मुंबईत जॅझ वाजवणाऱ्यांची एक पिढीच उभी राहिली. त्यांतले बहुसंख्य गोव्याचे. रात्री हॉटेलात जॅझ, दिवसा स्टुडिओत हिंदी चित्रपटांचं संगीत. ट्रम्पेटवादक चिक चॉकलेट म्हणजे आल्दोण्याचे आंतोनियो शाव्हियेर वाझ. ते आपल्या सी. रामचंद्रांचे साहाय्यक होते आणि १९५१ च्या 'अलबेला'त पडद्यावरही दिसतात. त्यांचं निधन १९६७ साली झालं. या पिढीचा नीट इतिहास नरेश फर्नांडिस यांच्या 'ताजमहाल फॉक्सट्रॉट' या पुस्तकानं २०१२ साली आणला, आणि कार्लटन किटो या गिटारवादकाचा शोध घेणारा सुशील कुरियन यांचा 'फाइंडिंग कार्लटन'ही त्याच सुमाराचा. तोवर त्या पिढीतले बहुतेक वादक निघून गेले होते.

अँथनी गोन्साल्विस यांची गोष्ट तर अधिकच बोलकी. मजोर्ड्याचा हा व्हायोलिनवादक, प्यारेलाल यांचा गुरू. १९५८ साली त्यानं भारतीय रागांवर आधारलेल्या वाद्यवृंदाचा प्रयोग केला, आणि साठच्या दशकात तो अमेरिकेला निघून गेला. १९७७ च्या 'अमर अकबर अँथनी'तल्या गाण्यामुळे त्याचं नाव पोरासोरांच्या तोंडी बसलं, पण ते खऱ्या माणसाचं नाव आहे हे कोणाच्या गावी नव्हतं. शेवटी अशोक राणे या मराठी चित्रपट समीक्षकानं त्याच्यावर माहितीपट केला. राणे यांच्याविषयी आदर बाळगूनच विचारतो: स्टुडिओत गोन्साल्विसांच्या डाव्या-उजव्या हाताला बसून वर्षानुवर्षं व्हायोलिन वाजवणाऱ्या माणसांपैकी एकाला जरी हे काम तो जाण्याआधी सुचलं असतं तर? सुचलं नाही, कारण वादकानं वाजवावं ही समजूत त्यांनीही गिळली होती.

५. खान्देशात काय वाजतं, आणि काय राहून जातं

आता घराकडे. खान्देशात जॅझ नव्हता, तेव्हा या चर्चेचा आपल्याशी संबंध काय, असं कोणी विचारील. संबंध असा की, मुंबईच्या जॅझवाल्याची जी स्थिती होती तीच इथल्या वादकाची आहे: रोज हजारो लोक ऐकतात आणि एकालाही नाव ठाऊक नसतं.

लग्नातला बॅन्ड घ्या. तुळशीचं लग्न लागलं की धुळे, अमळनेर, चोपडा, पारोळा या पट्ट्यात बॅन्डच्या सुपाऱ्या सुरू होतात त्या आखाजी, म्हणजे अक्षय्य तृतीया, उलटून जाईपर्यंत. वरातीचं चित्रण करणाऱ्याला दिसतो तो लाल-सोनेरी गणवेश, दिव्यांची गाडी, घोड्यापुढं नाचणारी पोरं. बॅन्डमधलाच क्लॅरिनेटवाला कॅमेरा घेईल तर तो दुपारी दोन वाजता जाईल. त्या वेळी मास्टर मोबाइलवर नवं अहिराणी गाणं लावून बसलेला असतो. तो एक ओळ ऐकतो, क्लॅरिनेटवर काढतो. ट्रम्पेटवाले ती उचलतात. जिथं गायिकेचा आवाज वर जातो तिथं ट्रम्पेटचा ओठ पुरत नाही म्हणून मास्टर तो तुकडा खालच्या सप्तकात आणतो आणि वरची जागा क्लॅरिनेटला देतो. कागदावर एक अक्षर लिहिलं जात नाही. अर्ध्या-पाऊण तासात गाणं बसतं. स्टुडिओत ज्याला 'अरेंजर' म्हणतात आणि ज्याच्या नावानं पुढं पुस्तकं निघतात, त्याचंच हे काम. जळगावातल्या एखाद्या गल्लीत ते रोज दुपारी होतं आणि संध्याकाळी डीजेच्या भिंतीखाली गाडलं जातं.

कॅसिओ आल्यापासून एक माणूस चार पितळी वाद्यांची जागा घेतो. कोणतं वाद्य आधी गेलं, कोणत्या गाण्यासाठी ते परत बोलवावं लागतं, उरलेल्यांनी आपल्या वाजवण्यात काय बदल केला, हे सांगणारा माणूस बॅन्डमध्येच आहे. भारतातल्या लग्नाच्या बॅन्डवरचं मोठं पुस्तक 'ब्रास बाजा' २००५ साली आलं ते ग्रेगरी बूथ यांचं; न्यूझीलंडच्या विद्यापीठातला, तबला शिकलेला हा प्राध्यापक गावोगाव हिंडून बॅन्डवाल्यांशी बोलला. आपल्या विद्यापीठांनी याची थोडी लाज बाळगावी.

दुसरं उदाहरण साक्री तालुक्याच्या पश्चिम कडेचं. तिथं कोकणा आदिवासींच्या डोंगऱ्यादेवाच्या उत्सवात पावरी वाजते. भोपळा, त्याला जोडलेल्या बांबूच्या नळ्या, टोकाला शिंग, सांधे मेणानं बुजवलेले. पावरीवाला रात्रभर वाजवतो आणि त्याच्या सुरावर नाचणाऱ्यांचं वर्तुळ फिरतं. पाहुण्या कॅमेऱ्याला इथं काय आवडतं ते आपण सगळ्यांनी सरकारी जाहिरातींत पाहिलेलं आहे: मोरपिसं, अनवाणी पाय, शेकोटी. पावरीचा सूर तुटत का नाही, याकडे लक्ष जात नाही. वादक गालांत हवा साठवतो, ती दाबून नळीत सोडत असतानाच नाकानं नवी हवा आत घेतो. म्हणून सूर अखंड राहतो. मधूनच मेण सैल झालं की एक नळी किंचित बेसूर होते, आणि तो अंगठ्यानं मेण दाबतो, तेही न थांबता. सनईवाल्याला हे तत्काळ दिसेल. क्लार्क टेरी हे याच श्वासाच्या तंत्रासाठी विख्यात होते, त्यामुळे हिक्सलाही दिसलं असतं. छायाचित्रकाराला गाल फुगलेले दिसतात, आणि तो म्हणतो, जरा हसा.

तिसरं वहीगायन. डफावरचं हे गाणं हस्तलिखित वह्यांतून चालत आलं. वही जपली जाते, शब्द उरतात. डफाची थाप कुठं सरकते, म्होरक्या ओळ कुठं तोडतो आणि साथीदार कुठं पकडतात, ते वहीत कसं येणार?

खान्देशाला हा धडा फार जवळून मिळालेला आहे. आसोद्याच्या बहिणाबाई चौधरींना लिहिता येत नव्हतं. त्या गात आणि त्यांचा मुलगा सोपानदेव आणि पितांबर चौधरी टिपून घेत. १९५१ साली त्या गेल्या आणि १९५२ साली अत्र्यांच्या पुढाकारानं 'बहिणाबाईची गाणी' छापून आली. टिपणारा मुलगा स्वतः कवी होता. कोणती ओळ टिपण्यासारखी आहे हे कळण्यासाठी कवीचाच कान लागत होता, आणि घरचा असल्यामुळे त्याचं काम कमअस्सल ठरलं नाही. पण कागदावर शब्दच उतरले. जात्यावरची, शेतातली त्यांची चाल उतरू शकली नाही. आज आपण त्या कविता ऐकतो त्या यशवंत देवांसारख्या संगीतकारांच्या चालींत, उत्तरा केळकरांच्या आवाजात. त्या चाली चांगल्या आहेत, पण त्या बहिणाबाईंच्या नाहीत. तसंच जळगावच्या मेहबूब खाँचं: बालगंधर्वांना लहानपणी त्यांनी गाणं शिकवलं असं चरित्रकार सांगतात, जळगावात बालगंधर्वांच्या नावानं दरवर्षी संगीत महोत्सव भरतो, आणि मेहबूब खाँ कसे गात याविषयी आपल्या हाती नावापलीकडे फारसं काही नाही.

६. आक्षेप आणि त्यांची उत्तरं

पहिला आक्षेप पक्षपाताचा. तो खोटा नाही. केन बर्न्स यांची 'जॅझ' ही २००१ सालची दहा भागांची मालिका पाहा. तिचे प्रमुख सल्लागार विंटन मार्सालिस, स्वतः अव्वल ट्रम्पेटवादक. मालिकेत लुई आर्मस्ट्राँग आणि एलिंग्टन यांना भरभरून जागा मिळाली, आणि १९६० नंतरची चाळीस वर्षं एका शेवटच्या भागात कोंबली गेली. मार्सालिस यांच्या आवडीनिवडी तिथं स्पष्ट उमटल्या आणि त्यावरून वादंग झालं. म्हणजे वादकालाही घराण्याचा अभिनिवेश असतो. मान्य. पण तो उघड असतो. कोण कोणत्या तालमीतला हे ठाऊक असल्यामुळे ऐकणारा वजाबाकी करू शकतो. त्रयस्थाचा पक्षपात 'मी तटस्थ आहे' या वाक्याखाली दडलेला असतो, त्याची वजाबाकी करता येत नाही.

याचं सर्वांत भक्कम उत्तर धुळ्यातच आहे. ज्यांचे कागद धुळ्यानं जपले त्या वि. का. राजवाडे यांच्याइतका अभिनिवेशी इतिहासकार मराठीत शोधून सापडणार नाही. त्यांच्या जातीय मतांवर प्रबोधनकार ठाकऱ्यांनी १९१८ साली 'कोदंडाचा टणत्कार' लिहून तुटून पडावं, इतका अभिनिवेश. राजवाड्यांचे अनेक निष्कर्ष आज कोणी मानत नाही. पण गावोगावची दप्तरं धुंडाळून त्यांनी 'मराठ्यांच्या इतिहासाची साधने' या नावानं १८९८ पासून जे २२ खंड काढले, त्यांच्याशिवाय आज त्यांच्या विरोधकांचंही पान हलत नाही. साधनं गोळा करणाऱ्याला मतं असली तरी चालतं. त्यानं साधनं फेकून देता कामा नयेत. माहितीपटाचंही हेच. वादकानं संकलित करून केलेला तासाभराचा चित्रपट पक्षपाती निघेल कदाचित. त्यामागचं पन्नास तासांचं कच्चं चित्रण पुढच्या पिढीला वेगळा चित्रपट करू देईल.

दुसरा आक्षेप तंत्राचा आणि पैशांचा. हिक्सनं आपल्या एका मित्राला, ॲडम हार्टला, कॅमेऱ्यामागं उभं केलं, आणि पैसे संपत आल्यावर क्विन्सी जोन्स यांच्यासारखा पाठीराखा त्याला मिळाला. ते टेरींचेच जुने शिष्य. असं नशीब प्रत्येकाचं नसतं. पण धुळ्याहून तासाभराच्या अंतरावरच्या मालेगावात यंत्रमागवाल्या पोरांनी साध्या व्हिडिओ कॅमेऱ्यावर अख्खे चित्रपट काढले, आणि फैजा अहमद खान यांच्या 'सुपरमेन ऑफ मालेगाव'मुळे ते जगानं पाहिले. ज्या भागात 'हाई झुमकावाली पोर'सारखी गाणी घरच्या घरी चित्रित होऊन कोट्यवधी वेळा पाहिली जातात, तिथं तंत्राची सबब चालणार नाही.

तिसरा आक्षेप: मग यूट्यूबवर सगळं आहेच की! तिथं असतो तो तयार माल. वरातीचं चित्रण आहे, दुपारची तालीम नाही. गाण्याखाली नायिकेचं नाव असतं, ढोलकीवाल्याचं बहुधा नसतं. शिवाय ते भांडार खासगी कंपनीचं आहे. खातं बंद झालं की दप्तर जळालं.

चौथा आक्षेप मला सर्वांत अवघड वाटतो, आणि त्याला माझ्याकडे पुरं उत्तर नाही. साथीदार साथीदाराचं सगळं सांगणार नाही. बॅन्डचा मालक आणि वादक यांच्यातला पैशाचा व्यवहार, दारू, आणि मुख्य म्हणजे जात: वाजवणाऱ्याला वरातीत पुढं नाचवतात आणि पंगतीत कुठं बसवतात, याबद्दल त्याच बॅन्डमधला माणूस कॅमेऱ्यापुढं सोबत्याला छेडेलच असं नाही. उद्या त्याला त्याच मालकाकडे काम मागायचं असतं. इथं बाहेरचा माणूस हवाच. मात्र त्यानं आल्यावर हाताशी काय असेल, हा प्रश्न आहे. आधी घरच्यानं टिपून ठेवलेलं असेल तर बाहेरचा योग्य प्रश्न विचारील. नसेल तर तो पुन्हा मोरपिसांपासून सुरुवात करील.

७. वेळेचं गणित

सत्यजित राय यांनी नर्तकी बालासरस्वतींवर 'बाला' हा माहितीपट केला तो १९७६ साली. त्या तेव्हा ५८ वर्षांच्या होत्या. राय स्वतः संगीतकार, जाण असलेले. तरी ऐन भरातलं नृत्य त्यांच्या हाती लागलं नाही. आपल्याकडे कलावंतावर कॅमेरा रोखला जातो तो अमृतमहोत्सवाला, शाल-श्रीफळाच्या आधी दाखवायच्या वीस मिनिटांच्या पट्टीसाठी. साथीदाराला उत्सवाची वाट पाहावी लागत नाही. तो रोज तिथं असतोच. चाळिशीतला वादक, रागावलेला, चुकणारा, दुसऱ्याची उचल करणारा, त्यालाच सापडू शकतो.

८. कच्चं चित्रण धुळ्यात ठेवा

राजवाडे गेले ३१ डिसेंबर १९२६ ला, आणि १९२७ साली धुळ्यात राजवाडे संशोधन मंडळ उभं राहिलं. एका माणसाचे कागद जपण्यासाठी या शहरानं वर्षभरात संस्था काढली. आवाज जपण्यासाठी तसं काही करायला काय हरकत आहे? जळगावचं विद्यापीठ तर बहिणाबाईंचंच नाव धारण करतं. त्यानं दरवर्षी पाच-सहा वादकांना, पदवी न विचारता, कॅमेरा, चांगला मायक्रोफोन आणि आठवडाभराचं शिक्षण द्यावं. अटी दोनच: न कापलेलं चित्रण जमा करायचं, आणि त्यात दिसणाऱ्या प्रत्येकाचं नाव, गाव आणि वाद्य लिहून द्यायचं. ते चित्रण कोणाला कधी दाखवायचं हे ज्याचं चित्रण झालं त्यानं ठरवावं.

बॅन्डच्या मालकांना एक विनंती. आखाजीनंतर हंगाम संपतो, आषाढात माणसं रिकामी असतात किंवा शेतात मजुरीला जातात. त्या दिवसांत तुमच्या सर्वांत जुन्या मास्टरला आणि सर्वांत नव्या पोराला एका खोलीत बसवा, कॅमेरा तिसऱ्या वादकाच्या हाती द्या, आणि एक जुनं गाणं बसवायला सांगा. आणि हा खर्च उचलणारी संस्था कोणतीही असो, तिनं त्या तिघांना लग्नाच्या सुपारीइतके पैसे मोजावेत. शाल देऊ नये.